कडी वाजू नये म्हणून

तिसऱ्या रात्री भुरी रडली नाही. आधीच्या दोन रात्री तिनं अख्ख्या गल्लीची झोप उडवली होती. समोरच्या काकूंनी तर सकाळी हातपंपावर सगळ्यांदेखत विचारलं होतं, "काहून बाई, रात्री कुत्र्याले मारत होते काय तुम्ही?" तिसऱ्या रात्री मात्र पिंजरा एकदम चूप. अंधारात मी कान देऊन ऐकलं. काहीच हालचाल नाही. "लागली सवय," मी नवऱ्याला म्हणाले आणि कूस बदलून गाढ झोपले.

त्या दोन शब्दांची लाज मला अजून वाटते.

पहाटे पाचला मामाजी, म्हणजे माझे सासरे, बैलांना कुटार टाकायला उठले आणि जाता जाता पिंजऱ्यापाशी थांबले. चौऱ्याहत्तरीत वाकायला वेळ लागतो, तरी ते उकिडवे बसले, जाळीतून बोट आत घातलं. भुरीनं बोटाकडे पाहिलंसुद्धा नाही. कोपऱ्यात अंग चोरून, चारी पाय पोटाखाली घेऊन ती बसली होती. खालचं पोतं लाळेनं भिजलेलं. नाकाच्या शेंड्यावरची कातडी जाळीला घासून सोललेली. रात्री ठेवलेल्या दूधभाकरीवर मुंग्या लागलेल्या.

"सवय नाही लागली बाई तिले," मामाजी म्हणाले. "हरली ती."

आमचं गाव वर्धा जिल्ह्यात, सेलू तालुक्यात, बोरच्या जंगलाला लागून. २०१४ साली बोरचा व्याघ्र प्रकल्प झाला. देशातल्या सगळ्यात लहान व्याघ्र प्रकल्पांपैकी तो एक, पण प्रकल्प लहान म्हणून वाघ काही लहान होत नाहीत. आमच्याकडे कुत्र्याचं नाव टायगर ठेवायची सोय नाही. एका हौशी माणसानं ठेवलं होतं. तिन्हीसांजेला तो 'टायगर, ए टायगर' करत गल्लीतून निघाला की बाया पोट्ट्यांना दंडाला धरून घरात ओढायच्या. शेवटी गावानंच त्या कुत्र्याचं नाव बदलून मोती केलं.

वाघ क्वचित. गावाशी खरा संबंध बिबट्याचा, आणि बिबट्याचा संबंध कुत्र्यांशी. नगर, म्हणजे आताच्या अहिल्यानगर जिल्ह्यातल्या अकोले तालुक्यात वन्यजीव अभ्यासक विद्या अत्रेय आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी बिबट्याच्या विष्ठेवरून तो काय खातो याचा हिशेब मांडला होता. वजनानं सगळ्यात मोठा वाटा कुत्र्यांचा निघाला, ३९ टक्के. तो उसाचा मुलूख आणि आमचा कापूस-तुरीचा, तरी तो आकडा वाचून मला नवल वाटलं नाही. भुरीची माय अशीच गेली. कोठ्यात कुटाराच्या ढिगामागं खळगा करून ती व्याली होती. पौषातल्या एका सकाळी घरामागच्या सांदवाडीच्या कुपाशी, म्हणजे कुंपणाशी, घसटत नेल्याची खूण तेवढी राहिली. पाच पिल्लांतली दोन गॅस्ट्रोनं गेली, दोन लोकांनी नेली. उरली ती भुरी. सात आठवड्यांची असेल, माझ्या दोन्ही तळव्यांत मावायची.

हिला रात्री घरातच ठेवायचं, हे ठरवायला चर्चा लागली नाही. पण घर कवेलूचं, जुनं. पुढं छपरी, मधात दोन खोल्या, मागं सांदवाडी. पहिल्या रात्री मोकळी ठेवली तर तिनं कूलरची वायर चावली. हिवाळा होता, कूलर बंद होता, म्हणून वाचली. दुसऱ्या रात्री न्हाणीच्या मोरीतून बाहेर पडली आणि माझा नवरा टॉर्च अन् काठी घेऊन अर्धा तास कुपाकुपानं फिरला. तिसऱ्या रात्री अंड्यावर बसलेल्या कोंबडीचं डालगं पाडलं. मग आमच्या चौथीतल्या चिरंजीवांनी मोबाइलवर कुठल्या तरी शहरातलं गुबगुबीत कुत्रं पिंजऱ्यात डाराडूर झोपलेलं दाखवलं, आणि मी सेलूच्या वेल्डरकडे गेले.

वेल्डरनं आधी विचारलं, "ससे पाळता काय मॅडम?" कुत्र्यासाठी म्हटल्यावर तो हसला, पण काम चोख केलं. तीन फूट लांब, दोन फूट रुंद, सव्वादोन फूट उंच. माप मोठ्या झालेल्या भुरीचं धरलं होतं: उभं राहिलं तर डोकं लागू नये, अंगाभोवती वळता यावं, पाय ताणून निजता यावं. पिल्लासाठी मधात फळी टाकून जागा कमी केली, कारण जागा फार झाली की पिल्लू एका टोकाला झोपतं आणि दुसऱ्या टोकाचा संडास करतं. एवढं मी वाचलेलं होतं. म्हणजे मापं सगळी बरोबर होती. चुकलं होतं ते बाकीचं.

पहिल्याच रात्री मी तिला उचलून आत ठेवलं, कडी लावली आणि दिवा मालवला. साडेनऊ ते पाच. दोन महिन्यांच्या पिल्लाला लघवी तीन तासांच्या वर धरवत नाही. पिल्लू जितक्या महिन्यांचं त्यात एक मिळवायचा, फार तर तितके तास, असा ढोबळ हिशेब आहे, आणि रात्रीच्या झोपेत थोडं अधिक. माझ्या मुलाला त्या वयात मी साडेसात तास ओल्या दुपट्यात ठेवलं असतं काय?

मी जिल्हा परिषदेच्या शाळेत शिकवते. पंधरा वर्षं झाली. छडीच्या धाकानं गप झालेला वर्ग आणि गोष्टीत गुंगून गप झालेला वर्ग, दाराबाहेरून ऐकले तर दोन्ही सारखेच लागतात. साहेब तपासणीला येतात तेव्हा पहिल्या वर्गाचंच कौतुक जास्त होतं. हे मला वर्गात कळत होतं आणि घरात कळलं नाही.

त्या आठवड्यात शोधता शोधता एका जुन्या प्रयोगाची माहिती पुन्हा हाताशी आली. डी.एड.ला असताना परीक्षेपुरता तो पाठ केला होता. १९६७ साली अमेरिकेत मार्टिन सेलिगमन आणि स्टीव्हन मायर या मानसशास्त्रज्ञांनी काही कुत्र्यांना विजेचे असे झटके दिले, जे कुत्र्यानं काहीही केलं तरी थांबत नव्हते. नंतर त्याच कुत्र्यांना दोन कप्प्यांच्या पेटीत ठेवलं. मधली बुटकी भिंत ओलांडली की झटका बंद. त्यातली बरीचशी ओलांडायचीच नाहीत, पडून सोसत राहायची. याला त्यांनी शिकलेली असहायता म्हटलं आणि पुस्तकांत ते तसंच छापून आलं. गंमत पुढं आहे, ती आमच्या पुस्तकात नव्हती. २०१६ मध्ये त्याच दोघांनी मेंदूवरच्या नव्या कामाच्या आधारानं लिहिलं, की आमचा मूळचा अर्थ उलटा होता. हातपाय गाळणं शिकावं लागत नाही. सुटका नसलेला त्रास लांबला की मेंदू आपोआप तिकडे जातो. शिकावी लागते ती दुसरी गोष्ट, आपल्या करण्यानं काही बदलतं ही.

झटक्यांचे ते प्रयोग वाचवत नाहीत. पण लाळेनं भिजलेलं पोतं डोळ्यांपुढं होतं, त्यामुळं वाचलं.

मामाजींना यातलं काही सांगायला गेले तर ते सुपारी कातरत म्हणाले, "गोऱ्ह्याले वखराले लावतो तेव्हा काय करतो आपण? पहिल्या दिवशी मानेवर जू ठेवाचं, ढेपीचा खडा चाराचा, जू काढाचं. बस. दुसऱ्या दिवशी पुन्हा तेच. आठ दिवस नुसतं ठेवाचं आन् काढाचं. हा माणूस काढते, एवढं त्याले समजलं पाहिजे. मंग तो बिचकत नाही."

"आणि पहिल्याच दिवशी जुंपला तर?"

"तर मधातच बसते. आन् एकदा बसाले शिकला का जन्मभर बसते."

तेव्हा पुन्हा पहिल्यापासून. मामाजींनी पिंजऱ्याचं दार सुतळीनं मागं बांधून टाकलं, चुकूनसुद्धा लागू नये असं. मग कडी हातात घेऊन दोनतीनदा वाजवून पाहिली. खण्ण. छपरीच्या टोकाला बसलेली भुरी दचकून उठली. मी तीन रात्री तो आवाज ऐकला होता आणि मला तो ऐकूच आला नव्हता. त्यांनी सायकलची फाटकी ट्यूब आणली, तिच्या पट्ट्या कापल्या आणि कडीला, कोयंड्याला, दाराच्या चौकटीला घट्ट गुंडाळल्या. आता कडी लागताना म्हशीनं पाय टेकवावा तसा बोदा आवाज यायचा. पोत्यावर सासूबाईंनी त्यांच्या जुन्या लुगड्याची गोधडी टाकली. न धुतलेली, मुद्दाम. "माणसाचा वास असू दे," म्हणाल्या. पिंजराही उचलून त्यांच्या खाटेशी आणला.

तरीही आठवडाभर भुरीनं पिंजऱ्याकडे पाठ केली. थाळी दारापासून दोन हातांवर ठेवली तर खायची, एक हातावर ठेवली तर लांबून पाहायची. आम्ही दोन हातांवरच ठेवली. चौथ्या दिवशी थोडी पुढं. मग उंबऱ्याशी. मग आत, दाराला लागून. पुढचे दोन पाय आत, मागचे दोन बाहेर, अंग धनुष्यासारखं ताणलेलं, आणि एक डोळा आमच्याकडे, असं तिचं जेवण चालायचं. ताकातल्या कण्या तिला फार आवडतात. कण्या आत सरकत गेल्या, पण मागचे पाय काही आत येईनात. माझा धीर सुटत होता. नुसतं मागून हलकेच ढकललं तर? मामाजींनी नुसतं पाहिलं माझ्याकडे. अकराव्या दिवशी मागचा उजवा पाय आत आला. माझ्या पोरानं शाळेत जाऊन सांगितलं.

दार लावायचं ठरलं ते ती खात असताना, आणि थाळी चाटून व्हायच्या आत उघडायचं. गळ्यातला पट्टा आधी काढायचा, तो जाळीत अडकून फास बसू शकतो. वेळ मोजायला घड्याळाऐवजी पोराला बसवलं. बेचा पाढा म्हणायचा, 'बे दाहे वीस' झालं की दार उघडायचं. पुढं तीनचा, चारचा. भुरीच्या नादानं त्या पोट्ट्याचा एकोणतिसाचा पाढा पाठ झाला, जो माझ्याच्यानं दोन वर्षांत झाला नव्हता. एक गोष्ट मात्र आम्ही कटाक्षानं पाळली. रोज वाढवत नेलं नाही. आज पंधरापर्यंत गेलो, तर उद्या नुसता बेचा. जनावराला चढण लगेच ओळखू येते. प्रत्येक वेळी कालच्यापेक्षा लांबलं, तर आत जाणं म्हणजे अधिक वाईट काही येणार असंच त्याच्या हिशेबात बसतं.

कुईकुई केली तर उघडायचं की नाही, यावर लोक हमरीतुमरीवर येतात. उघडलं तर रडलं की दार उघडतं हे ती शिकेल, असं एक मत. माझा अनुभव असा, की रडण्याच्या दोन जाती असतात आणि त्या वेगळ्या ऐकू येतात. एक कुरकुर चढते, थांबते, कान टवकारते, तुम्ही काय करता ते पाहते. तिला एका श्वासाएवढी उसंत दिली की ती स्वतःच थांबते, आणि त्या थांबण्यावर उघडायचं. दुसरं रडणं थांबतच नाही. त्यात धाप असते, लाळ असते, जाळीला नाक-नखं असतात. तिथं काही शिकवायचं उरलेलं नसतं, उठून दार उघडायचं. ती वेळ आली तर आदल्या दिवशी घाई आपण केलेली असते.

आणि रडण्याइतकंच न रडण्याकडेही पाहायचं, हे तर मी नाक सोलून शिकले होते, तेही दुसऱ्याचं. भुरी आत बसून जांभया द्यायची. सासूबाई म्हणायच्या झोप आली. पण पाठोपाठ तीन जांभया, मधात ओठ चाटणं, कान मागं पडलेले, ही झोप नव्हे. मुख्याध्यापकांच्या खोलीत बोलावलेली मुलं अशाच जांभया देतात. मी तिच्या बुडाकडे पाहू लागले. पुढचे पाय समोर, मागचे अंगाखाली दुमडलेले, अशी बसली असेल तर ती केव्हाही उठायच्या तयारीत असते. फेब्रुवारीच्या शेवटी एका दुपारी, दार लागलेलं, मी बाजूला वह्या तपासत बसलेली, तिनं एक कुल्ला खाली टाकला. दोन्ही मागचे पाय एका बाजूला पसरले, हनुवटी पंजावर आली, नाकातून लांब सुस्कारा सोडला. त्यानं गोधडीचा सुटलेला दोरा हलला. मी लाल पेन खाली ठेवलं तर ते गडगडत गेलं. तिनं एक डोळा उघडला आणि मिटला.

त्या रात्रीपासून पिंजरा लावून झोपवायला लागलो. दीड वाजता दोघांनी उठून, टॉर्च घेऊन, तिला सांदवाडीत न्यायचं आणि परत आणायचं. ती आत गेली की सासूबाई खाटेवरून हात खाली सोडायच्या, जाळीला टेकवून. पुढं पुढं नुसता त्यांच्या खोकल्याचा आवाज पुरायचा.

गावाचं म्हणणं काही बदललं नाही. "कुत्र्याचा जीव मोकळा पाहिजे," असं सांगणाऱ्यांच्या दारात दोन हाताच्या साखळीला बांधलेलं कुत्रं मी रोज पाहते. १९६० च्या प्राण्यांवरील क्रूरता प्रतिबंधक कायद्यात अपुऱ्या पिंजऱ्यात ठेवणं गुन्हा आहे, तसं आखूड साखळीला फार वेळ बांधून ठेवणंही. तिकडे स्वीडन आणि फिनलंडमध्ये तर प्रवास, आजारपण, प्रदर्शनं अशा कारणांशिवाय घरात कुत्र्याला पिंजऱ्यात कोंडायला मनाईच आहे. मला त्यांचं पटतं आणि माझ्या कुपापलीकडे बिबट्या आहे, ही अडचण आहे. कुत्रा मुळातच गुहेत राहणारा, म्हणून त्याला पिंजरा आवडतोच, हे जे सगळीकडे लिहिलेलं सापडतं ते मात्र मला पटत नाही. आमची गावठी कुत्री रस्त्याच्या मधोमध, राखेच्या ढिगावर, बंडीखाली झोपतात. बिळात शिरते ती व्यायला आलेली कुत्री, तीही काही आठवड्यांपुरती. आवडतोच म्हटलं की शिकवायची जबाबदारी संपते, एवढीच त्या समजुतीची सोय.

मधात एकदा सगळं मुसळ केरात गेलं. भुरीनं मामाजींची नवी चप्पल फाडली आणि नवऱ्यानं रागाच्या भरात तिला मानगुटीला धरून पिंजऱ्यात टाकलं, दार आपटलं. पाच मिनिटांचा राग. पुन्हा कण्या उंबऱ्याशी ठेवण्यापर्यंत मागं यावं लागलं. नवरा नऊ दिवस रोज संध्याकाळी पिंजऱ्याशेजारी जमिनीवर बसून चहा पीत होता, काही न बोलता. मामाजींनी चप्पल शिवून आणली.

मे महिन्यात मीच दार लावणं बंद केलं. वर्ध्याचा मे म्हणजे ४५ अंश, आणि लोखंडाची जाळी. कुत्र्याला अंगभर घाम येत नाही, धापा टाकून तो अंग गार करतो, आणि बाहेरची हवाच तापलेली असेल तर धापाही कमी पडतात. कूलरसमोर ठेवला तरी वीज गेली की झालं. दुपारी भुरी न्हाणीतल्या ओल्या फरशीवर पोट टेकून पडायची, रात्री अंग निवलं की आपली आत जायची.

एका शेजाऱ्यानं पाहून त्याच्या चार वर्षांच्या कुत्र्यासाठी तसाच पिंजरा करून घेतला. मी सगळं सांगितलं, त्यानं सगळं केलं, दोन महिने केलं. पण ते कुत्रं घरात एकटं राहिलं तरी दाराला धडका देणारं. पिंजऱ्यात त्यानं सुळा मोडून घेतला. मी म्हटलं, भाऊ, विकून टाका पिंजरा. आता त्यात कोंबड्या असतात आणि कुत्रं त्याच्या खाटेखाली झोपतं. काहींच्या जिवाला कोंडणं सोसतच नाही, कितीही हळू गेलं तरी. तिथं पशुवैद्यांना विचारावं.

जुलैत भुरीचं ऑपरेशन केलं, पिल्लं न होण्याचं. वर्ध्याच्या डॉक्टरांनी बजावलं, दहा दिवस उड्या नाहीत, पळणं नाही, टाके ओले होऊ द्यायचे नाहीत. बाहेर झड लागलेली. ते दहा दिवस ती पिंजऱ्यात होती, दर दोनतीन तासांनी बाहेर, पुन्हा आत. एकदाही रडली नाही. मी रोज सकाळी गोधडी हातानं चाचपून पाहायचे. कोरडी असायची.

बैलपोळ्याला मामाजींनी पिंजऱ्याचं दार बिजागरीतून काढून टाकलं. मी विचारलं नाही, त्यांनीही सांगितलं नाही. दिवाळीत गल्लीत फटाके सुरू झाले तशी भुरी आत गेली, तोंड मागच्या भिंतीकडे करून निजली. सासूबाईंनी वरून जुनं पातळ टाकलं, पुढची बाजू उघडी ठेवून.

दार सांदवाडीच्या कुपाला टेकवून ठेवलं आहे. त्यावर यंदा दोडक्याचा वेल चढला. कडीला गुंडाळलेली ट्यूब अजून तशीच आहे, थोडी तडकली आहे उन्हानं. वारं सुटलं की दार हलतं, पण वाजत नाही.